गिअरबॉक्सचं ऑइल घरच्या अंगणात बदलताना

इंजिन ऑइल कधी बदललं, असं राहुरीजवळच्या देवळालीत कुणाही गाडीवाल्याला विचारा. तो दार उघडून आत चिकटवलेलं स्टिकर दाखवेल. गिअरबॉक्सचं ऑइल कधी बदललं, या प्रश्नाला मात्र बहुतेक वेळा उत्तरच नसतं. गाडी दुसऱ्या-तिसऱ्या हातची असेल तर विचारायचीही सोय नाही. सर्व्हिसिंगमध्ये इंजिन ऑइल, फिल्टर, ब्रेक एवढं ठरल्यासारखं होतं. गिअरबॉक्स गप्प आहे तोवर त्याच्याकडे कुणी वाकून बघत नाही, आणि तो आवाज करू लागतो तेव्हा नुसतं ऑइल बदलून भागायची वेळ बहुधा गेलेली असते. म्हणून हे काम मालकानंच मनावर घ्यावं आणि जमत असेल तर स्वतःच्या हातानं करावं, असं माझं स्पष्ट मत आहे.

आपल्या भागात ते जमण्यासारखंही आहे. १९५० साली विठ्ठलराव विखे पाटलांच्या पुढाकारानं प्रवरानगरचा सहकारी साखर कारखाना उभा राहिला, पुढं राहुरीचा झाला, ऊस वाढला आणि ऊस वाहायला घरोघर ट्रॅक्टर आले. ज्या घरात ट्रॅक्टर आहे त्या घरात रिंग पाने, टॉमी, नरसाळं आणि जुन्या धोतराच्या चिंध्या असतातच. ट्रॅक्टरची सर्व्हिसिंग ज्यानं वस्तीवर केली आहे, त्याला कारच्या गिअरबॉक्सचे दोन बोल्ट अवघड नाहीत. ट्रॅक्टरची एक सवय मात्र इथं घातक ठरते. तिच्याविषयी पुढं सविस्तर सांगतो.

गिअरबॉक्सच्या ऑइलला इंजिनसारखी आग सोसावी लागत नाही. त्यात काजळी मिसळत नाही, म्हणून ते लवकर काळं पडत नाही आणि वर्षानुवर्षं टिकतं. पण बहुतेक मॅन्युअल गिअरबॉक्समध्ये फिल्टरही नसतो. दाते एकमेकांवर घासून जी बारीक धातूची भुकटी सुटते, ती त्याच ऑइलात फिरत राहते. दात्यांच्या दाबाखाली ऑइल चिरडलं जातं, त्याचा दाटपणा हळूहळू कमी होतो आणि त्यात घातलेली रसायनं खर्ची पडतात. नगर-मनमाड रस्त्यावर गळीत हंगामात उसाच्या ट्रॉलीमागून दुसऱ्या-तिसऱ्या गिअरवर सरकत राहणारी गाडी आणि मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर पाचव्या गिअरवर धावणारी गाडी यांचे किलोमीटर सारखे असले, तरी त्यांच्या गिअरबॉक्सनं सोसलेला त्रास सारखा नसतो. अनेक गाड्यांच्या पुस्तिकेत बदलाचा पल्ला साधारण ४०,००० ते ८०,००० किलोमीटरच्या दरम्यान असतो. आपल्याकडच्या वापराला त्यातला अलीकडचा आकडा धरावा. पुस्तिकेत वर्षांची मुदत दिली असेल, तर किलोमीटर आणि वर्षं यांतलं जे आधी भरेल ते.

आता खरा प्रश्न: कोणतं ऑइल? पाना फिरवण्याचं काम दीड-दोन तासांचं आहे. ऑइल चुकीचं भरलं तर नुकसान पुढची कैक वर्षं चालू राहतं. म्हणून इथं थोडं थांबून समजून घेऊ.

गिअर ऑइलच्या डब्यावर दोन गोष्टी लिहिलेल्या असतात. पहिली दाटपणाची: ७५डब्ल्यू-८०, ७५डब्ल्यू-९०, ८०डब्ल्यू-९०. ‘डब्ल्यू’च्या आधीचा आकडा थंडीतला वाहतेपणा सांगतो आणि नंतरचा तापल्यावरचा दाटपणा. ९० हा आकडा पाहून हे ऑइल इंजिनच्या ४० नंबरपेक्षा दुपटीनं दाट असेल, असं अनेकांना वाटतं. तसं नाही. दोन्हींच्या मोजपट्ट्या वेगळ्या आहेत. गिअर ऑइलचं ९० आणि इंजिन ऑइलचं ४० तापल्यावर जवळपास सारखेच दाट असतात. डिसेंबर-जानेवारीत सकाळी गाडी काढल्यावर पहिली काही मिनिटं दुसरा गिअर अडकल्यासारखा पडतो, हा अनुभव पुष्कळांना असेल. गारठलेलं ऑइल दाट होतं, म्हणून तसं होतं. ७५डब्ल्यूच्या जागी ८०डब्ल्यू भरलं तर हा त्रास वाढतो. ‘जास्त दाट म्हणजे जास्त चांगलं’ हे इथं लागू नाही.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची, आणि दुकानात तिच्याकडेच सर्वांत कमी लक्ष जातं: जीएल-४ की जीएल-५? दात्यांवर प्रचंड दाब आला तरी धातू धातूला लागू नये म्हणून गिअर ऑइलमध्ये गंधक आणि फॉस्फरसची संयुगं घालतात. उग्र वास येतो तो त्यांचाच. जीएल-५ मध्ये हा मसाला जीएल-४ च्या साधारण दुप्पट असतो. मग जीएल-५ सरसकट वापरावं की? नको, आणि त्याचं कारण गिअरबॉक्सच्या रचनेत आहे. गिअर टाकताना दोन वेगवेगळ्या गतीनं फिरणारे भाग एका गतीवर आणण्याचं काम सिंक्रो रिंग करते. ती बहुतेक गाड्यांत पितळेची असते, आणि तिचं काम घर्षणावर चालतं: रिंग शंकूला घट्ट धरते, गती जुळते, मग गिअर आवाज न करता बसतो. ऑइल प्रमाणाबाहेर निसरडं असेल तर रिंगची पकड सुटते आणि गिअर कचकन वाजतो. शिवाय काही जीएल-५ ऑइलमधलं सक्रिय गंधक पितळेला हळूहळू खातं. गाडीच्या पुस्तिकेत जीएल-४ लिहिलं असेल तर जीएल-४ च भरा. ‘पाच नंबर चारपेक्षा भारी’ असं दुकानदारानं कितीही सांगितलं तरी. उलट, पुस्तिकेतच जीएल-५ लिहिलं असेल तर निर्धास्त तेच भरा. त्या गिअरबॉक्सची घडण ते धरूनच केलेली असते.

हाच मुद्दा बोलेरो, सुमो, जुनी स्कॉर्पिओ अशा मागच्या चाकांवर चालणाऱ्या गाड्यांत आणखी नाजूक होतो. मारुतीची असली तरी ईकोही याच पंगतीतली. या गाड्यांत गिअरबॉक्स वेगळा आणि मागच्या आसाचा डिफरन्शियल वेगळा. डिफरन्शियलमध्ये पिनियन मध्यापासून खाली सरकवलेला असतो, त्यामुळे दाते एकमेकांवर नुसते फिरत नाहीत तर दाबाखाली घसरतात. तिथं जीएल-५ लागतंच. म्हणजे एकाच गाडीत दोन जागी दोन वेगळी ऑइलं असू शकतात, आणि चारही चाकं ओढणारी गाडी असेल तर ट्रान्स्फर केसची तिसरी. एकच मोठा डबा आणून तिन्हीकडे ओतू नका. ऑल्टो, वॅगन आर, स्विफ्ट, इंडिका, आय-१० अशा पुढच्या चाकांवर चालणाऱ्या गाड्यांत डिफरन्शियल गिअरबॉक्सच्याच पोटात असतो आणि एकच ऑइल दोघांना पुरतं. होंडाच्या मॅन्युअल गाड्यांना कंपनीचं स्वतःचं वेगळं ऑइल लागतं, तिथं बाजारातलं साधं गिअर ऑइल चालवून घेऊ नये.

आता ती ट्रॅक्टरची सवय. शेडमध्ये ट्रॅक्टरच्या ट्रान्समिशन ऑइलची बादली अर्धी शिल्लक असते आणि ‘गिअरचंच तर ऑइल आहे’ म्हणून हात तिकडे जातो. ते ऑइल गिअरबरोबरच हायड्रॉलिकची लिफ्ट उचलायला आणि ऑइलात बुडालेले ब्रेक सांभाळायला बनवलेलं असतं. कारच्या सिंक्रो रिंगांचा विचार त्यात केलेला नसतो. कारच्या गिअरबॉक्सला ऑइल लागतं तरी किती? लहान गाड्यांना साधारण दोन-अडीच लिटर. तेवढ्यासाठी बादलीतलं ऑइल वापरण्यात काटकसर नाही. सुट्टं, पिंपातून मापानं मिळणारं ऑइलही नको. राहुरी फॅक्टरी, श्रीरामपूर किंवा नगरच्या अधिकृत विक्रेत्याकडून सीलबंद डबा घ्या, झाकणाचं सील आणि बॅच नंबर पाहा. पुस्तिकेत दिलेल्या मापापेक्षा अर्धा लिटर जास्त आणा. सोबत दोन्ही बोल्टची नवी वायसरं घ्या. तांब्याची किंवा ॲल्युमिनियमची ही वायसरं एकदा दाबली गेली की पुन्हा नीट बसत नाहीत, आणि पाझर बहुतेक तिथूनच सुरू होतो.

गाडी वॉरंटीत असेल तर हा उद्योग घरी करू नका. एएमटीच्या गाडीत गिअरबॉक्स आतून मॅन्युअलच असतो, त्याचं ऑइल घरी बदलता येतं. पण ज्या एएमटीमध्ये गिअर टाकणारी यंत्रणा हायड्रॉलिकवर चालते, तिचं ऑइल वेगळं असतं आणि त्या टाकीला हात लावायचा नाही.

जागेचा विचार गाडी उचलण्याआधी करा. आपली जमीन काळी. वरून कडक दिसली तरी जॅकखाली ती दबते, आणि पाऊस किंवा पाटाचं पाणी नुकतंच होऊन गेलं असेल तर जॅक तिरका व्हायला वेळ लागत नाही. सिमेंटचा कोबा, फरशीचं अंगण, नाहीतर सपाट पक्का रस्ता पाहा. काहीच नसेल तर जॅकखाली आणि स्टँडखाली जाड, रुंद फळी टाका. हँडब्रेक ओढा, चाकांना पुढून-मागून दगड लावा. आणि एक गोष्ट कुठलीही सवलत न देता पाळा: गाडी नुसत्या जॅकवर असताना अंगाचा कुठलाही भाग खाली घालायचा नाही. गाडी जॅक स्टँडवर टेकवून, हातानं हलवून पाहून मगच खाली जायचं. विटा रचून गाडी टेकवणारे मी पाहिले आहेत. वीट भाराखाली पूर्वसूचना न देता फुटते. स्टँड नसतील तर विकत घ्या, शेजाऱ्याकडून आणा, नाहीतर काम पुढं ढकला.

गाडी सपाट राहायला हवी, हेही तितकंच खरं. गिअरबॉक्समधली ऑइलची पातळी भरायच्या भोकाच्या उंचीवरून ठरते. फक्त पुढची बाजू उचललेली असेल तर गिअरबॉक्स तिरका होतो आणि भोकातून ऑइल बाहेर आलं तरी माप चुकीचं असतं. चारही बाजूंनी सारखी उचला. ट्रकसाठी बांधलेला रॅम्प किंवा खड्डा ओळखीच्या कुणाकडे असेल तर फारच चांगलं; तिथं जॅकचा प्रश्नच येत नाही.

ऑइल काढण्याआधी गाडी दहा-पंधरा मिनिटं चालवून आणा. कोमट ऑइल लवकर आणि पूर्ण उतरतं, तळाशी बसलेली भुकटी सोबत घेऊन येतं. फार तापवू नका. सायलेन्सरचा पाइप जवळच असतो आणि हात भाजतो.

खाली गेल्यावर आधी खात्री करा की समोरचा बोल्ट गिअरबॉक्सचाच आहे. घाईत इंजिन ऑइलचा बोल्ट उघडणारे कमी नाहीत, आणि मग इंजिन कोरडं आणि गिअरबॉक्स दुप्पट भरलेला, अशी अवस्था होते. पुढच्या चाकांवर चालणाऱ्या गाडीत दोन्ही चाकांकडे जाणारे शाफ्ट ज्या खोक्यात शिरतात तो गिअरबॉक्स. त्याच्या तळाला ऑइल काढायचा बोल्ट आणि बाजूला, थोडा वर, भरायचा. नक्की जागा पुस्तिकेत पाहा, कारण काही गाड्यांत भरायची वाट वरून, इंजिनाच्या बाजूनं असते. बोल्टभोवतीचा चिखल तारेच्या ब्रशनं आणि चिंधीनं पुसून काढा, नाहीतर तोच आत जाईल.

आणि मग या कामातला सर्वांत महत्त्वाचा नियम: आधी भरायचा बोल्ट उघडायचा, काढायचा नंतर. वर्षानुवर्षं न उघडलेला बोल्ट गंजून धरून बसलेला असू शकतो. खालचा उघडून ऑइल सांडून टाकलं आणि वरचा उघडलाच नाही, तर गाडी जागेवरच अडकते. ना चालवता येते, ना भरता येते. वरचा बोल्ट दाद देत नसेल तर आदल्या संध्याकाळी त्यावर डब्ल्यूडी-४० मारून ठेवा. पाना नीट बसणाराच वापरा. काही बोल्टना बाहेरून षट्कोनी डोकं असतं, काहींना आत चौकोनी खाच किंवा एलन कीची खाच. चौकोनी खाचेत चुकीच्या मापाचं काहीतरी घालून मारत बसलात तर कडा गोल होतात आणि मग वेल्डिंगवाल्याला बोलवावं लागतं. गाडीखाली उताणं पडलं की डावं-उजवं गोंधळतं. बोल्टच्या डोक्याकडे पाहत घड्याळाच्या उलट दिशेनं फिरवायचं, एवढं लक्षात ठेवा.

खाली पसरट भांडं ठेवून खालचा बोल्ट सोडा. पहिली धार अंदाजापेक्षा लांब पडते. पंधरा-वीस मिनिटं निथळू द्या.

तेवढ्या वेळात जुनं ऑइल वाचा. गिअरबॉक्सच्या आत काय चाललं आहे हे तो न उघडता कळण्याची हीच संधी असते, आणि गॅरेजमध्ये काम केलं तर ती मिळत नाही, कारण ऑइल थेट पिंपात जातं. थोडं ऑइल पांढऱ्या बशीत घेऊन उन्हात धरा. गर्द तपकिरी आहे, वास नेहमीचा आहे, तर सारं ठीक. काळपट आणि करपल्यासारखा वास असेल तर ऑइल कमी असताना गिअरबॉक्स तापलेला आहे. ताकासारखं पांढुरकं दिसत असेल तर आत पाणी गेलं आहे. पावसाळ्यात बुडालेल्या फरशी पुलावरून किंवा ओढ्यातून गाडी नेली असेल तर आठवून पाहा. तापलेला गिअरबॉक्स थंड पाण्यात बुडाला की आतली हवा आकसते आणि हवेसाठी ठेवलेल्या ब्रीदरच्या नळीतून किंवा सैल सीलमधून पाणी आत ओढलं जातं. असं ऑइल एकदा बदलून भागत नाही. नवं भरून थोडं चालवून पुन्हा बदलावं लागतं, आणि पाणी कुठून आलं ते शोधावं लागतं.

अनेक गाड्यांत काढायच्या बोल्टला लोहचुंबक असतं. त्यावर मऊ, करड्या रंगाचा लेप दिसणं अगदी स्वाभाविक आहे, पुसून टाका. बोटांत टोचणारे कण, पत्र्याचे तुकडे, दात्याचा कोपरा असं काही दिसलं तर ते काळजीचं. पितळ चुंबकाला चिकटत नाही, म्हणून पिवळी चमक ऑइलातच शोधावी लागते. ती भरपूर दिसली तर सिंक्रो रिंगा झिजत आहेत.

खालचा बोल्ट नव्या वायसरसह आधी हातानं पूर्ण आत फिरवा, मग पान्यानं आवळा. गिअरबॉक्सचं कवच ॲल्युमिनियमचं असतं. ट्रॅक्टरच्या ओतीव लोखंडासारखं टॉमीवर उभं राहून आवळलं तर आटे जातात, आणि आटे गेले की खर्च मोठा. पुस्तिकेत न्यूटन मीटरमध्ये आकडा दिलेला असतो. टॉर्क पाना मिळाला तर उत्तम.

भरायला गवंड्याची लेव्हलची पारदर्शक नळी चांगली. एक टोक भोकात, दुसरं वर नरसाळ्याला, आणि एक माणूस वर ओतायला. ठिबकची वापरलेली नळी घेऊ नका, तिच्यात गाळ आणि खतांचे क्षार बसलेले असतात. थंडीत ऑइल नळीतून उतरत नाही. डबा आधी तासभर उन्हात ठेवा. भोकातून ऑइल बारीक धारेनं बाहेर येऊ लागलं की थांबा, जास्तीचं निथळू द्या, थेंब थेंब होऊ लागलं की वरचा बोल्ट नव्या वायसरसह लावा. आत किती गेलं याचा पुस्तिकेतल्या मापाशी मेळ घाला. जुनं किती निघालं तेही मोजा. मापापेक्षा बरंच कमी निघालं असेल तर ते इतके दिवस कुठून तरी गळत होतं. शाफ्ट शिरतात तिथली ऑइल सीलं ओली आहेत का, ते गाडी वर आहे तोवरच पाहून घ्या.

गाडी खाली उतरवा, सगळे गिअर आणि रिव्हर्स टाकून पाहा, कोल्हारपर्यंत एक फेरी मारा आणि खाली वाकून दोन्ही बोल्ट पुसून बघा. आठवड्यानं पुन्हा एकदा बघा. किलोमीटर, तारीख आणि ऑइलचा नंबर पुस्तिकेत लिहून ठेवा. गाडी विकायची वेळ आली तर घेणाऱ्याला त्याची किंमत कळेल.

काढलेलं ऑइल झाकणाच्या कॅनमध्ये भरून ठेवा. ते पाटचारीत, विहिरीच्या कडेला किंवा बांधावर ओतायचं नाही. भंडारदऱ्याचं आवर्तन सुटलं की तेच पाणी आपल्या उसाला आणि जनावरांना जातं, आणि आपली काळी जमीन उन्हाळ्यात भेगाळते तेव्हा ओतलेलं ऑइल थेट खोलवर उतरतं. वाळवीसाठी मेढीला फासणं आणि गुऱ्हाळात जळणासोबत टाकणं हेही सोडून द्या. त्यात धातूची भुकटी आणि गंधकाची संयुगं असतात. २०१६ च्या घातक कचरा नियमांनुसार वापरलेलं ऑइल परवानाधारक पुनर्शुद्धीकरण करणाऱ्याकडे जायला हवं, आणि ऑइल बनवणाऱ्या कंपन्यांवरही ते परत गोळा करण्याची जबाबदारी १ एप्रिल २०२४ पासून आली आहे. घरच्या दोन लिटरसाठी सोपा मार्ग हा: ज्या गॅरेजचं पिंप रीतसर उचललं जातं, तिथं विचारून नेऊन द्या. त्यात डिझेल, ब्रेक ऑइल किंवा कूलंट मिसळू नका, मिसळलेलं ऑइल शुद्ध करणं अवघड होतं.

नव्या ऑइलकडून काय अपेक्षा धरावी? गिअर जरा मऊ पडतील, थंडीतली अडचण कमी होईल. झिजलेली रिंग किंवा तुटका दाता ऑइलानं भरून येत नाही. गिअर अवघड पडतो म्हणून ऑइल बदलायला निघाला असाल तर आधी एक साधी तपासणी करा: इंजिन बंद ठेवून गिअर टाका, मग इंजिन चालू करून क्लच दाबून टाका. बंद असताना सहज पडतो आणि चालू असताना अडतो, तर बहुधा क्लच पूर्ण सुटत नाही आणि दोष तिथं आहे. एकाच गिअरमध्ये रडका आवाज येत असेल तर त्या गिअरचे दाते, आणि वेगाबरोबर वाढणारी घरघर सगळ्याच गिअरमध्ये असेल तर बेअरिंग. नव्या ऑइलनंतर शंभर-दोनशे किलोमीटर चालवूनही यातलं काही तसंच राहिलं, किंवा चुंबकावर टोचणारे तुकडे सापडले होते, तर ते तुकडे कागदाच्या पुडीत बांधून सोबत घ्या आणि गिअरबॉक्स उतरवणाऱ्या मिस्त्रीकडे जा. तुकडे पाहून तो कोणता भाग गेला आहे ते बऱ्याचदा उघडण्याआधीच सांगू शकतो.